सर्पिल, मळसूत्री की नागमोडी?

अनुवादिनी: एका आरोग्यपुस्तिकेचं भाषांतर करतेय. लेप्टोस्पायरोसिसच्या (पावसाळ्यातल्या 'लेप्टो' तापाच्या) प्रकरणात 'स्पायरल' जिवाणू आले आणि सवयीने 'सर्पिलाकार' लिहून मोकळी झाले. आईला वाचून दाखवलं, तर म्हणाली, "म्हणजे जिलबीसारखे का गं?" तिथेच घोडं अडलंय. मळसूत्री लिहू? नागमोडी? की पीळदार?

काचपट्टी: आईंना शंभरपैकी शंभर! सर्पिल म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे जिलबी, चकली, फार तर आकाशगंगा येते. सगळ्या सपाट, मधून बाहेर उलगडत जाणाऱ्या. लेप्टोस्पायरा, म्हणजे या तापाचा जिवाणू, तसा नाही. बॉलपेनातली स्प्रिंग दोन्ही टोकांना धरून ताणा, तो लेप्टोस्पायरा.

प्रयोगशाळेत काम करतो म्हणून सांगतो. याची जाडी मायक्रोमीटरच्या दहाव्या हिश्श्याएवढी, त्यामुळे साध्या सूक्ष्मदर्शकात काही दिसत नाही. डार्क फील्डखाली (तिरका उजेड टाकून पार्श्वभूमी काळी ठेवणाऱ्या सूक्ष्मदर्शकाखाली) ठेवला की काळ्याभोर पडद्यावर चांदीची तार वळवळते, दोन्ही टोकं आकड्यासारखी वाकलेली, आणि स्वतःभोवती गरगर फिरणं चालू. इतर जिवाणूंची शेपटी बाहेर असते, याची आवरणाच्या आत. ती फिरली की अख्खं अंग फिरतं आणि गडी दाट द्रवातूनही वाट काढतो, लाकडात स्क्रू शिरावा तसा. स्क्रूला जुना मराठी शब्द मळसूत्र. आकार आणि चाल दोन्ही एका शब्दात आली. माझं मत मळसूत्रीला.

अनुवादिनी: मग या कुळातल्या, म्हणजे स्पायरोकीट जिवाणूंतल्या, सगळ्यांनाच मळसूत्री म्हणू?

काचपट्टी: तिथेच गंमत आहे. लाइम रोगाचा बोरेलिया पुस्तकांत स्प्रिंगसारखा काढतात, पण नीट पाहिलं तर त्याचं अंग सपाट लाटेसारखं असतं. सिफिलिसच्या ट्रेपोनेमाचंही तेच. या दोघांना नागमोडी शोभेल. जठराच्या अल्सरमागचा हेलिकोबॅक्टर तर या कुळातलाच नाही, नुसता पिळा आहे म्हणून याच पंगतीत बसवतात. (त्याच्या शोधासाठी मार्शल आणि वॉरन यांना 2005 साली नोबेल मिळालं.)

जुनं बाड: नावं ठेवणाऱ्यांनी मूळ ग्रीकमध्ये बारकाई केली होती. स्पायरोकीट म्हणजे वेटोळ्याचा केस, ट्रेपोनेमा म्हणजे वळणारा दोरा, लेप्टो म्हणजे बारीक. त्यातल्या एका जातीचं नाव 'इंटेरोगन्स', कारण आकडा वळलेलं टोक प्रश्नचिन्हासारखं दिसलं!

यात मुंबईचाही वाटा आहे. 'ग्रेज अ‍ॅनाटॉमी' या शरीररचनेच्या गाजलेल्या ग्रंथाची चित्रं काढणारा हेन्री व्हँडाइक कार्टर इथे डॉक्टर होता. 1876-78 च्या दुष्काळात उवांमुळे पसरणारा, उतरून पुन्हा उलटणारा ताप आला, तेव्हा त्याने रोग्यांच्या रक्तात याच कुळातले वेटोळे जंतू पाहिले आणि 1882 मध्ये 'स्पिरिलम फीवर' नावाचा ग्रंथ लिहिला. रोगाचं नाव थेट जंतूच्या आकारावरून.

आपल्याकडे नाव पडतं ते रोग कुणी आणला यावरून. सोळाव्या शतकातल्या भावप्रकाश या आयुर्वेदाच्या ग्रंथात सिफिलिसला 'फिरंग रोग' म्हटलंय. त्यावर चोपचिनी ही औषधी मुळीही तिथेच सांगितलीय. युरोपातही हाच खेळ: इटलीवाले त्याला फ्रेंच रोग म्हणत, फ्रेंच त्याला नेपल्सचा म्हणत. 'उपदंश' मात्र सुश्रुतातला, मुळात जननेंद्रियावरच्या व्रणांसाठी. तो सिफिलिसला नंतर चिकटला. बोलीत 'गरमी'. भाषांतरात उपदंश लिहा, पण हे माहीत असू द्या.

तळकोकण: आमच्याकडे कोणी मळसूत्री म्हणत नाही, सर्पिलही नाही. नुसतं 'लेप्टो'. लावणीच्या दिवसांत ताप आला, पोटऱ्या ठणकल्या, डोळे लाल झाले की शेजारीसुद्धा विचारतात, "लेप्टो तर नाय ना?" केरळात याला 'एलिप्पनी' म्हणतात, म्हणजे उंदीरताप. आपण तोच शब्द का घेऊ नये?

काचपट्टी: ऐकायला झकास आहे, पण घोटाळा होईल. गुरं आणि कुत्र्यांच्या मुतातूनही जंतू येतो. 'उंदीरताप' वाचून माणूस घरात उंदीर नाहीत म्हणून निर्धास्त राहील आणि पायाला चीर असताना अनवाणी गोठा धुवेल. पुस्तिकेत लेप्टोच ठेवा.

अनुवादिनी: पटलं. काल 'मळसूत्री' करून आईला पुन्हा वाचून दाखवलं. तिचा प्रश्न: "मंगळसूत्र लिहायचं होतं का?"

तळकोकण: 😄 आमचा प्लंबर नळाच्या पाइपाला 'आटे पाडतो', आणि झाकण बसेना की 'आटे गेले' म्हणतो. 'स्क्रूच्या आट्यांसारखे पीळ असलेले जिवाणू' असं लिहून बघा.

अनुवादिनी: लिहिलं. आई म्हणाली, "हां, मग तसं सांग ना."