भाचीला आठवीसाठी पुण्यात आणू की गावाकडच्या हायस्कुलातच राहू दे?

धायरीची आत्या:
नमस्कार मंडळी. माझं माहेर वेल्ह्याकडचं (आता राजगड तालुका म्हणतात, पण तोंडात वेल्हंच येतं). भाची यंदा झेडपीच्या शाळेतून सातवी झाली. हायस्कूल शेजारच्या गावात, चार किलोमीटरवर. आठवी ते दहावी मिळून पट ३८. भाऊ म्हणतो, "ताई, तू तिला पुण्यात धायरीला घेऊन जा, इथं काय ठेवलंय?" वहिनी काहीच बोलत नाही, भाकरी थापत राहते.

एप्रिलमध्ये मी मुद्दाम शाळा बघून आले. तीन खोल्या, वर पत्रा. प्रयोगशाळा म्हणजे एक लोखंडी पेटी. शिपाईमामांनी उघडून दाखवली, तर प्रत्येक परीक्षानळी जुन्या धोतराच्या फडक्यात वेगळी गुंडाळलेली, एकही फुटकी नाही. मला गलबलून आलं. पण गणिताचे सर गेल्या वर्षी निवृत्त झाले, जागा अजून रिकामीच. मराठीच्या बाई गणित घेतात. इकडे माझं वन रूम किचन आणि दोन मुलगे. काय करू?

निवृत्त मास्तर, भोर:
ताई, शिक्षकाची पदं पटावर ठरतात, त्याला संचमान्यता म्हणतात. १५ मार्च २०२४ च्या शासन निर्णयानं ती फार कडक झाली. वरच्या वर्गांचा पट वीसच्या आत गेला की शिक्षकाचं पदच मंजूर होणार नाही, असं त्यात ठरलं. त्यामुळं एकेक पोर गेलं की शाळेला धाप लागते. तरी शाळा जगवायचं ओझं तेरा वर्षांच्या पोरीवर टाकू नका.

मी अशाच शाळेत गणित शिकवलं. जुलैत पाऊस पत्र्यावर असा कोसळायचा की शब्द ऐकू येत नसे. मग अख्खा तास फळ्यावर. मी एक पायरी लिहायची, पोरांनी उठून पुढची लिहायची. त्यात भातलावणी, निम्मा वर्ग खाचरात. लावणी उरकली की त्यांना संध्याकाळी थांबवून मागचं भरून काढायचो. पट लहान होता म्हणून ते जमलं.

एक मात्र करा. आठवीत तिला एनएमएमएसला, म्हणजे कमी उत्पन्नाच्या घरातल्या मुलांसाठीच्या शिष्यवृत्ती परीक्षेला बसवा. घरचं उत्पन्न साडेतीन लाखांच्या आत असेल आणि ती निवडली गेली, तर नववी ते बारावी वर्षाला १२,००० रुपये मिळतात. शाळा सरकारी, झेडपीची किंवा अनुदानित हवी. पुण्यात आणून विनाअनुदानित शाळेत घातलीत तर ही संधी जाईल. गावाकडे राहिली तर मुलींना एसटीचा पास मोफत आहे, तोही काढा.

पानशेतची लेक:
मला आठवीतच मामाकडे पुण्यात आणलं. वर्गात आम्ही ६५ जणी. दिवाळीपर्यंत मी एकदाही हात वर केला नाही. मामी मायाळू होती, तरी भूक लागली हे सांगायला जीभ रेटायची नाही. अकरावीला आले असते तर निभावलं असतं, असं आजही वाटतं. आत्या, तुमच्या लिहिण्यात भाऊ आहे, वहिनी आहे. भाचीला विचारलंत का?

धायरीची आत्या:
नव्हतं विचारलं. काल रात्री फोन केला. बराच वेळ गप्प होती, मग म्हणाली, "आत्या, मला आईजवळ राहू दे. पण गणिताला कुणीतरी बघ."

तर ती तिथंच राहील. माझा थोरला डिप्लोमाला आहे, तो रोज रात्री आठ वाजता फोनवर शिकवेल. घरात रेंज नाही, पाण्याच्या टाकीपाशी येते, म्हणून वहिनी तिच्याबरोबर जाऊन बसणार आहे. आणि भाऊ चार पालकांना घेऊन गणिताच्या शिक्षकासाठी शाळा चालवणाऱ्या संस्थेत अर्ज देणार आहे, हे मी त्याच्याकडून कबूल करून घेतलंय. मास्तर, शाळा उघडायला पंधरा दिवस आहेत. तोवर काय करून घेऊ?

निवृत्त मास्तर, भोर:
पूर्णांक संख्यांचे गुणाकार-भागाकार आणि अपूर्णांक. रोज दहाच उदाहरणं, पण पायऱ्या तिच्या तिनं लिहायच्या. वहीचे फोटो इथं टाका, मी तपासून देतो.