जुन्या प्लेस्टेशनच्या डिस्क संगणकावर खेळताना : संगीत गायब, दुसरी डिस्क लागत नाही, बटणाला उशीर

प्रश्न : जुनी_तबकडी

नमस्कार. माझ्याकडे पहिल्या पिढीचे प्लेस्टेशन आहे. ते चालू होते, पडद्यावर बोधचिन्हही येते, परंतु लेझर थकल्यामुळे डिस्क वाचली जात नाही. सुमारे वीस मूळ डिस्क आणि एक मेमरी कार्ड मी जपून ठेवले आहे आणि ते खेळ पुन्हा खेळता यावेत अशी मनापासून इच्छा आहे. त्यासाठी लॅपटॉपवर रेट्रोआर्क (जुन्या यंत्रांची नक्कल करणारा प्रोग्रॅम, म्हणजे एम्युलेटर) बसवले. लॅपटॉपला आठ जीबी रॅम आहे, स्वतंत्र ग्राफिक्स कार्ड नाही. डिस्क लिहिण्याच्या एका साध्या प्रोग्रॅमने डिस्कच्या आयएसओ फाइली तयार केल्या. बीटल पीएसएक्स हा कोअर (रेट्रोआर्कमधला एका यंत्राची नक्कल करणारा भाग) फर्मवेअर, म्हणजे मूळ यंत्र सुरू करणारा आतला प्रोग्रॅम किंवा बायोस, सापडत नसल्याचे सांगून थांबला, म्हणून पीसीएसएक्स रीआर्म्ड हा कोअर घेतला. त्यात खेळ सुरू होतात, पण पुढे अडचणी येतात.

मोटारशर्यतीच्या खेळात इंजिनाचा आणि टायर घासल्याचा आवाज येतो, पार्श्वसंगीत मात्र एकदाही वाजत नाही. दुसऱ्या एका खेळात मधल्या चित्रफिती दिसतात, पण त्यांतले संवाद ऐकू येत नाहीत. तीन डिस्कच्या खेळात दुसरी डिस्क घालण्याचा संदेश आल्यावर मी मेनूतून दुसरी फाइल उघडतो, तेव्हा खेळ अगदी पहिल्या पडद्यापासून सुरू होतो आणि मेमरी कार्ड रिकामे दिसते. शिवाय उडीचे बटण दाबल्यावर पात्र किंचित उशिरा उडते, आणि ज्या खेळांत वेळ अचूक साधावी लागते त्यांत हे फार जाणवते. ध्वनी आणि चित्राची जवळजवळ प्रत्येक सेटिंग मी बदलून पाहिली आहे. एम्युलेटरच बदलावा का, आणि बायोस नेमका कोठून आणावा, याविषयी मार्गदर्शन मिळाल्यास आभारी राहीन.

उत्तर : ट्रॅक०२

सर्वप्रथम सगळ्या सेटिंग मूळ स्थितीत आणा, कारण तुमच्या पहिल्या दोन तक्रारींचा सेटिंगशी काहीही संबंध नाही. ज्याला आपण एम्युलेटरचा दोष समजतो तो बहुतेक वेळा फाइलचा दोष असतो, आणि तुमच्या बाबतीत तो दोष आयएसओ या प्रकारातच आहे.

सीडीवरच्या प्रत्येक सेक्टरमध्ये, म्हणजे माहितीच्या ठरावीक तुकड्यात, २३५२ बाइट असतात. सर्वसाधारण आयएसओ फाइल त्यांपैकी फक्त २०४८ बाइट उचलते, कारण ती संगणकाच्या डेटा डिस्कचा विचार करून ठरवलेली आहे. प्लेस्टेशनच्या डिस्कवर मात्र संवाद आणि चित्रफितींचा ध्वनी अनेकदा एक्सए नावाच्या पद्धतीने साठवलेला असतो, आणि त्या सेक्टरांमध्ये उपयोगाची माहिती २३२४ बाइटपर्यंत पसरलेली असते. २०४८ वर कात्री लावली की उरलेला ध्वनी कापला जातो आणि जे शिल्लक राहते त्यातून काही ऐकू येत नाही. शर्यतीच्या खेळाची गोष्ट त्याहून सरळ आहे. त्या काळच्या अनेक खेळांत पार्श्वसंगीत हे गाण्यांच्या सीडीसारखेच स्वतंत्र ट्रॅक म्हणून डिस्कवर असे : पहिला ट्रॅक खेळाचा, दुसऱ्यापासून पुढे संगीत. आयएसओमध्ये पहिला ट्रॅक तेवढा आला आणि बाकीचे डिस्कवरच राहिले. इंजिनाचा आवाज येतो, कारण तो छोट्या नमुन्यांच्या रूपात पहिल्या ट्रॅकमध्येच आहे.

म्हणून डिस्क पुन्हा वाचून बिन (डिस्कवरची सगळी माहिती) आणि क्यू (तिच्यातल्या ट्रॅकची यादी) अशी फाइलींची जोडी तयार करावी लागेल. विंडोजवर इमजबर्न आणि लिनक्सवर सीडीआरडीएओ हे काम करतात, आणि त्यासाठी साधा सीडी किंवा डीव्हीडी ड्राइव्ह पुरतो. प्लेस्टेशन आपली डिस्क ओळखण्यासाठी आतल्या कडेजवळ कोरलेली जी खूण तपासत असे ती संगणकाच्या ड्राइव्हला वाचता येत नाही, परंतु एम्युलेटरला तिची गरजही पडत नाही.

तयार झालेली क्यू फाइल एकदा नोटपॅडमध्ये उघडून पाहा. पहिल्या ओळीत बिन फाइलचे नाव अवतरणचिन्हांत असते, त्याखाली ट्रॅक ०१ समोर मोड २/२३५२ असे लिहिलेले असते, आणि संगीत असेल तर पुढच्या प्रत्येक ट्रॅकसमोर ऑडिओ हा शब्द आणि तो ट्रॅक कोठून सुरू होतो ती मिनिटे, सेकंद व फ्रेम असतात. एका सेकंदाच्या ७५ फ्रेम होतात. हे तपशिलाने सांगण्याचे कारण असे की पुष्कळ जण नंतर बिन फाइलचे नाव सोयीसाठी बदलतात, क्यूमधले नाव जुनेच राहते आणि मग काळा पडदा दिसला की एम्युलेटरला बोल लावतात. नाव बदलायचे असेल तर दोन्हीकडे बदला, आणि एम्युलेटरमध्ये नेहमी क्यू फाइल उघडा, बिन उघडू नका.

सर्व डिस्क नीट वाचून झाल्या की सीएचडी प्रकारात रूपांतर करणे चांगले. मेम या आर्केड खेळांच्या एम्युलेटरबरोबर येणाऱ्या सीएचडीमॅन या साधनाने क्यू आणि बिन मिळून एकच आटोपशीर फाइल होते, काहीही गमावले जात नाही आणि हवे तेव्हा उलट रूपांतरही करता येते.

उत्तर : पाचशेबारा_केबी

बायोसविषयी सांगतो. या यंत्राचा बायोस ५१२ केबी म्हणजे बरोबर ५,२४,२८८ बाइटचा असतो, त्यामुळे याहून कमी किंवा जास्त आकाराची फाइल निश्चितच चुकीची किंवा तुटलेली आहे. बीटल कोअर तो रेट्रोआर्कच्या सिस्टिम फोल्डरमध्ये ठरावीक नावाने शोधतो : जपानी डिस्कसाठी एससीपीएच५५००, अमेरिकी डिस्कसाठी ५५०१ आणि युरोपीय डिस्कसाठी ५५०२. शेवटी बिन हा विस्तार हवा आणि सर्व रोमन अक्षरे लहान हवीत. लिनक्सवर एक मोठे अक्षर राहिले तरी फाइल सापडत नाही. पीसीएसएक्स रीआर्म्ड बायोसशिवाय चालला, कारण त्यात बायोसच्या कामांची नक्कल करणारी पर्यायी सोय आहे. बरेच खेळ तिच्यावर चालतात, पण मेमरी कार्ड आणि वेळेच्या बारकाव्यांबाबत ती मूळ बायोसइतकी भरवशाची नाही.

आता तो कोठून आणावा. एम्युलेटर तयार करणे आणि बायोस वाटणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात अमेरिकेच्या नवव्या सर्किट अपील न्यायालयाने, एम्युलेटर घडवताना अभ्यासासाठी केलेल्या बायोसच्या प्रती रास्त वापरात बसतात असा निर्णय दिला. परंतु कनेक्टिक्सच्या अंतिम उत्पादनात सोनीचा बायोस नव्हता, हे विसरता कामा नये. बायोसवर कंपनीचा स्वामित्वहक्क आहे, आणि म्हणूनच कोणताही जबाबदार एम्युलेटर तो सोबत देत नाही. कोणी पाठवलेली फाइल वापरण्यापेक्षा तुमच्याच यंत्रातून तो काढा. तुमचा बोर्ड चालू आहे, ही मोठी जमेची बाजू आहे.

लेझर बंद असतानाही हे जमते. फ्रीपीएसएक्सबूट नावाची एक युक्ती आहे, ज्यात मेमरी कार्डवर लिहिलेल्या खास मजकुरामुळे यंत्र डिस्कशिवाय आपला प्रोग्रॅम सुरू करते. त्यातून युनिरॉम हे साधन सुरू करून यंत्राच्या सिरियल पोर्टमधून बायोस संगणकावर उतरवता येतो. यासाठी एक दुसरे, रिकामे कार्ड घ्या, जुने अजिबात वापरू नका, कारण त्यावरचे सगळे पुसले जाईल. प्रत्येक मॉडेलसाठी कार्डचा मजकूर वेगळा असतो, तेव्हा यंत्राच्या तळाशी असलेला क्रमांक आधी वाचून घ्या. सिरियल पोर्ट नंतरच्या पीएसवन या लहान आवृत्तीत काढून टाकला होता, पण तुमचे यंत्र करड्या रंगाचे मोठे असेल तर बहुधा तो पाठीमागे असेल.

उत्तर : दोनशेचाळीस_रेषा

डिस्क बदलण्याचा प्रश्न सोपा आहे. मेनूतून नवी फाइल उघडणे म्हणजे यंत्र बंद करून पुन्हा चालू करणे, म्हणून खेळ पहिल्यापासून सुरू होतो. साध्या मजकुराची एक फाइल तयार करा, तिला एम३यू हा विस्तार द्या आणि तिन्ही डिस्कच्या फाइलींची नावे एकेका ओळीवर लिहा. खेळ नेहमी याच फाइलीतून उघडा. संदेश आला की रेट्रोआर्कच्या डिस्क कंट्रोलमध्ये जाऊन ट्रे उघडा, क्रमांक बदला आणि ट्रे बंद करा. कार्ड रिकामे दिसण्याचे कारणही येथेच आहे : कोअर प्रत्येक फाइलीच्या नावाने वेगळे कार्ड धरतो. एम३यू वापरल्यावर तिन्ही डिस्कना एकच कार्ड मिळते.

उशिराबाबत मात्र धीराने तपासावे लागेल. ६० हर्ट्झच्या खेळात एक फ्रेम सुमारे १६.७ मिलिसेकंदांची असते आणि युरोपीय ५० हर्ट्झच्या खेळात २० ची. मूळ यंत्राला काचेच्या चित्रनळीचा जुना टीव्ही जोडलेला असे आणि तो चित्र जवळजवळ लगेच दाखवत असे. आज कंट्रोलरचा ब्लूटूथ, संगणकाचा ग्राफिक्स ड्रायव्हर आणि पडदा असे तिघेही थोडा थोडा वेळ खातात. लॅपटॉप टीव्हीला जोडत असाल तर टीव्हीतला गेम मोड चालू करा, कारण चित्र सुधारण्याची त्याची प्रक्रिया एकटीच कित्येक फ्रेम घेऊ शकते. मग कंट्रोलर वायरने जोडा, पूर्ण पडद्यावर खेळा आणि व्हिडिओ ड्रायव्हर वल्कन करून स्वॅपचेन प्रतिमांची (पडद्यासाठी आधीच तयार ठेवलेल्या चित्रांची) संख्या दोनवर आणा.

मूळ खेळातच किती उशीर आहे हे मोजता येते. खेळ थांबवा, उडीचे बटण दाबून धरा आणि एक-एक फ्रेम पुढे सरका. पात्र तिसऱ्या फ्रेमला हलले, तर पहिल्या दोन फ्रेम खेळाच्या स्वतःच्या आहेत आणि त्या खऱ्या यंत्रावरही होत्या. रेट्रोआर्कच्या रन-अहेड सोयीने त्याही काढता येतात, पण त्यासाठी संगणकाला प्रत्येक फ्रेममागे जास्तीचे काम करावे लागते. आठ आणि सोळा बिटांच्या यंत्रांसाठी मी ती आनंदाने वापरतो, प्लेस्टेशनसाठी तुमच्या लॅपटॉपवर सुचवणार नाही.

चित्राबद्दल तुम्ही विचारलेले नाही, तरी सांगतो, कारण नवीन माणूस रिझोल्यूशन वाढवण्याकडे लगेच वळतो. या यंत्रात बिंदूंचे स्थान पूर्णांकातच मोजले जात असे, त्यामुळे भिंती थरथरतात, आणि पृष्ठचित्रांना (भिंती-फरशीवर चिकटवलेल्या चित्रांना) अंतराचा हिशेब नसल्यामुळे फरशीच्या रेषा वाकतात. पीजीएक्सपी ही सुधारणा दोन्ही दोष बऱ्याच अंशी घालवते आणि शर्यतीच्या खेळात ती खरोखर सुंदर दिसते. ज्या खेळांत पार्श्वभूमी आधीच रंगवलेल्या स्थिर चित्राची असते, तेथे मात्र पात्रे धारदार आणि मागचे चित्र भरड अशी विसंगती होते. अशा खेळांना मूळ रिझोल्यूशन आणि जुन्या टीव्हीसारखा शेडर (चित्राचे रूप बदलणारी सोय) हीच जोडी शोभते, असे माझे ठाम मत आहे.

जुनी_तबकडी

सर्वांचे मनःपूर्वक आभार. शर्यतीची डिस्क लिनक्सवर सीडीआरडीएओने पुन्हा वाचली. आता दहा ट्रॅक दिसतात, पण संगीताच्या जागी कर्कश खरखर येते. दुसरी एक डिस्क दोनदा वाचली, तर दोन्ही फाइलींचे एमडी५ (फाइलीतल्या मजकुरावरून काढलेली ओळखखूण) वेगवेगळे आले. तीन डिस्कचा खेळ एम३यूमुळे व्यवस्थित पुढे गेला.

उत्तर : ट्रॅक०२

खरखर हे चांगले लक्षण आहे, कारण संगीत आले आहे, फक्त त्याचे बाइट उलट क्रमाने आले आहेत. प्रत्येक ध्वनिनमुना दोन बाइटांचा असतो आणि सीडीआरडीएओ ते दोन्ही अदलाबदल करून लिहितो. टॉक२क्यू या साधनाने क्यू फाइल बनवताना ध्वनीचा बाइटक्रम बदलण्याचा पर्याय द्या. डेटाच्या ट्रॅकला हात लागता कामा नये, तेवढे पाहा.

दोन वेळच्या वाचनाचे एमडी५ जुळत नसेल तर त्यांतले किमान एक वाचन सदोष आहे. डिस्क मऊ कापडाने मध्यापासून कडेकडे सरळ पुसा, गोल फिरवू नका, आणि ड्राइव्हचा वेग कमी करून पुन्हा वाचा. दुसरा ड्राइव्ह मिळाला तर त्यावरही करून पाहा, कारण एकाला न जमलेला ओरखडा दुसरा वाचतो असे अनेकदा होते. पहिल्या ट्रॅकचा एमडी५ रीडम्प या डिस्कच्या अचूक प्रतींच्या नोंदी ठेवणाऱ्या संकेतस्थळावरच्या नोंदीशी ताडून पाहा. तो जुळला तर खेळाचा भाग निर्दोष आहे. संगीताचे ट्रॅक जुळले नाहीत तर घाबरू नका, कारण प्रत्येक ड्राइव्ह ध्वनी काही नमुने पुढे-मागे वाचतो आणि तेवढ्यानेही एमडी५ बदलतो.

उत्तर : पाचशेबारा_केबी

जुन्या कार्डाविषयी एक गोष्ट राहिली. प्लेस्टेशन ३ साठी निघालेला मेमरी कार्ड अडॅप्टर यूएसबीने संगणकाला जोडता येतो, किंवा आर्डुइनो या छोट्या सर्किट बोर्डवर चालणारे मेमकार्डुइनो वापरता येते. पूर्ण कार्डाची प्रत १,३१,०७२ बाइटची होते. ती बीटलला द्यायची असेल तर तिला एम३यू फाइलीचेच नाव आणि एसआरएम हा विस्तार देऊन सेव्ह फोल्डरमध्ये ठेवा. डकस्टेशन हा प्लेस्टेशनचा दुसरा एम्युलेटर वापरणार असाल तर त्याच्या कार्ड संपादकातून सरळ आयात होते, आणि फक्त प्लेस्टेशनच खेळायचे असेल तर डकस्टेशनची मांडणी तुम्हाला अधिक सोपी वाटेल. कोणताही निवडा, पण प्रगती खेळातल्या कार्डवरच साठवत जा, कारण सेव्ह स्टेट (एम्युलेटरने त्या क्षणाची घेतलेली नोंद) एम्युलेटरच्या पुढच्या आवृत्तीत उघडेलच असे नाही. कार्डाची पहिली प्रत मात्र कोणत्याही एम्युलेटरला दाखवण्यापूर्वी वेगळ्या ठिकाणी ठेवा आणि फक्त वाचनीय करा, कारण खेळ सुरू होताच एम्युलेटर त्या फाइलीवर लिहू लागतो.