मदत हवी आहे: पीएस फोरवरून उडवलेला गेम परत कसा आणायचा? (बाबांचं करिअर अडकलंय)

पेठेबाहेरची | सोमवार, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी. मला गेममधलं ओ की ठो कळत नाही हे आधीच सांगते. उत्तर देताना दुसरीतल्या मुलाला समजावतो तसं समजवा. (दुसरीतल्या मुलाला माझ्यापेक्षा जास्त कळतं, हे मान्य आहे.)

घरात भावाचा पीएस फोर (प्लेस्टेशन फोर, टीव्हीला जोडून गेम खेळायचा डबा) आहे, ५०० जीबीचा स्लिम. भाऊ दीड वर्षापूर्वी जर्मनीला गेला, तिकडे त्याने पीएस फाइव्ह घेतला आणि हा आमच्या कोथरूडच्या घरी टीव्हीखाली राहिला. मला वाटलं पडेल धूळ खात. पण तो बाबांनी हातात घेतला. बाबा ७१ वर्षांचे, खडकीच्या ऑर्डनन्स फॅक्टरीतून रिटायर झालेले. व्हॉट्सॲपवर साधा फोटो पाठवायचा तर मला हाक मारतात. पण या डब्यावर एक क्रिकेटचा गेम आहे (नाव लिहीत नाही, नाहीतर त्यातली फिल्डिंग कशी भंगार आहे यावरच पंचवीस प्रतिसाद पडतील), तो रोज दुपारच्या चहानंतर खेळतात. त्यात करिअर नावाचा प्रकार असतो. बाबांनी स्वतःच्याच नावाचा डावखुरा स्पिनर बनवलाय, वय १९. क्लबपासून सुरुवात करून तो पोरगा आता कसोटी संघात पोचलाय. प्रत्येक मॅचचे आकडे बाबा कालनिर्णयवर त्या त्या तारखेच्या चौकोनात लिहितात. आमच्या स्वयंपाकघरात ‘दूध अर्धा लि. जास्त’च्या खाली ‘४/५२, एक कॅच सुटला’ असं लिहिलेलं असतं.

तर गणपतीत ताई नाशिकहून आली होती. तिचा मुलगा १२ वर्षांचा. त्याला कुठलासा फुकटातला ढिशुम ढिशुम गेम टाकायचा होता, जागा नव्हती, म्हणून त्याने ‘कोणी खेळत नाही असं वाटलं’ ते उडवलं. त्यात बाबांचं क्रिकेट गेलं. गौरी-गणपतीचं विसर्जन झालं, पाहुणे गेले, आणि काल दुपारी बाबांनी टीव्ही लावला तर गेमचं चित्रच नाही.

मी काय काय केलं: स्टोअरमध्ये शोधलं, तर गेम आहे पण पैसे मागतोय. लायब्ररीत ‘पर्चेस्ड’ म्हणून आहे तिथे पाहिलं, तर तिथे फक्त भाच्याचा ढिशुम. एका रिपेअरवाल्याला फोन केला तर तो न बघताच म्हणाला, हार्ड डिस्क उडाली असणार, १८०० रुपये घेऊन या. भावाला मेसेज केला, तो म्हणतो वीकेंडला बघतो.

मला विचारायचंय एवढंच, की गेम पुन्हा विकत घ्यावा लागेल का? आणि त्याहून महत्त्वाचं, बाबांचा तो पोरगा कसोटी संघात शिल्लक आहे का? बाबा काही बोलत नाहीत. आज चहा घेऊन नेहमीच्या जागी बसले होते. टीव्ही बंद.

रिकामटेकडा | सोमवार, रात्री ९:५२

सोप्पंय. सेटिंग्जमध्ये जाऊन इनिशिअलाइज मारा. सगळं कोरं करकरीत होतं. माझा असाच सुधारला होता.

सर्किटकाका | सोमवार, रात्री ९:५८

ताई, वरचं अजिबात करू नका. हात जोडतो. इनिशिअलाइज म्हणजे घर आवरायला सांगितलं तर घरच पाडणं. त्यात गेम जातील, यूजर जातील आणि बाबांचं करिअर खरोखर जाईल. रिपेअरवाल्याकडेही नेऊ नका, तोही पहिलं हेच करेल. हार्ड डिस्क गेली असती तर भाच्याचा गेम चालला असता का?

आधी तीन गोष्टी सांगा. गेम डिस्कवर होता की डाउनलोड केलेला? बाबा कोणाच्या नावाने, म्हणजे कुठल्या यूजरवर खेळायचे? आणि भाच्याने फक्त गेम उडवला की एखादा यूजरसुद्धा? तिसऱ्याचं उत्तर त्याच्याकडूनच घ्या, न ओरडता. ओरडलात तर तो ‘मी काहीच केलं नाही’ म्हणेल.

धायरीफाटा | सोमवार, रात्री १०:१५

उत्तर माहीत नाही, पण ४/५२ ला सलाम. वाखु (वाचनखूण) साठवली आहे.

पेठेबाहेरची | मंगळवार, सकाळी १०:२०

डिस्क नाही, भावाने डाउनलोडच केला होता. बाबांचं वेगळं काही नाही, भावाच्याच नावावर खेळायचे. सुरू केल्यावर दोन चेहरे दिसतात, एक भावाचा आणि एक भाच्याने केलेला नवीन, ज्याचं नाव इथे लिहिण्यासारखं नाही. डबा आपोआप भाच्याच्याच नावाने उघडतो. त्याच्याशी बोलले (ओरडले नाही, त्याची आई आधीच ओरडली होती). म्हणाला, ‘मावशी, गेमवर जाऊन ऑप्शन्स दाबलं आणि डिलीट. मामाला हात नाही लावला.’

सर्किटकाका | मंगळवार, दुपारी १२:०५

मग पेढे आणून ठेवा. हे जरा लांबण लागेल.

एक, खरेदी मशीनच्या नावावर होत नाही, अकाउंटच्या नावावर होते. सातबारा भावाच्या नावावर आहे आणि तुम्ही भाच्याचं नाव सांगून उतारा मागताय. म्हणून ‘पर्चेस्ड’ रिकामं आणि म्हणूनच स्टोअर पैसे मागतंय. ते भाच्याच्या अकाउंटला विकायला बघतंय, त्याने कुठे घेतलाय? एक रुपया देऊ नका.

दोन, पीएस फोरवर गेम आणि सेव्ह (म्हणजे खेळ कुठवर आला त्याची नोंद) या वेगळ्या वस्तू आहेत. गेम उडवला म्हणजे पेटी विकली. चिजांची वही कपाटातच आहे. सेव्ह जाते ती तीन प्रकारांनी: सेव्ह डेटाच्या यादीत जाऊन ती वेगळी उडवली तर, यूजर उडवला तर (त्याच्या सगळ्या सेव्ह त्याच्याबरोबर जातात), किंवा वर रिकामटेकड्यांनी सांगितलेलं केलं तर.

आता करायचं काय. कंट्रोलरच्या मधलं पीएसचं बटण दाबून धरा, पॉवरमध्ये ‘स्विच यूजर’ मिळेल, तिथून भावाच्या चेहऱ्यावर या. मग सेटिंग्ज, त्यात ‘ॲप्लिकेशन सेव्ह्ड डेटा मॅनेजमेंट’, त्यात ‘सेव्ह्ड डेटा इन सिस्टिम स्टोरेज’. तिथे क्रिकेटचं चित्र आहे का ते बघा. याला इंटरनेट लागत नाही, भावाचा पासवर्डही लागत नाही. असेल तर तिथेच ‘कॉपी टू यूएसबी’ आहे. साधा पेन ड्राइव्ह लावा, एक्सफॅट किंवा फॅट ३२ फॉरमॅटचा, आणि आधी प्रत काढून घ्या. त्याशिवाय पुढचं पाऊल नाही. बोट ‘डिलीट’वर पडू देऊ नका, ते त्याच यादीत शेजारीच आहे.

पेठेबाहेरची | मंगळवार, दुपारी ४:३०

आहे!!! चित्र आहे, खाली तारीख आहे, आणि ती तारीख कालनिर्णयवरच्या शेवटच्या मॅचशी जुळते. बाबांनी चष्मा लावून स्वतः पडताळली. गौरी जेवणाच्या आदल्या दिवशीची, २/३८.

पेन ड्राइव्ह घरात होता तो लग्नाच्या फोटोंचा. बाबा म्हणाले त्याला हात लावू नकोस आणि स्वतः बस पकडून तपकीर गल्लीत गेले, नवीन घेऊन आले. दोन आणले. प्रत झाली, दोन्हींवर.

आता भावाच्या लायब्ररीत गेले तर साइन इन करा म्हणतोय.

सर्किटकाका | मंगळवार, संध्या. ५:१०

त्याने पासवर्ड बदलला असणार. नवा पासवर्ड घ्या. टू-स्टेप लावलेलं असेल तर कोड त्याच्या मोबाइलवर जाईल, तेव्हा तो फोनवर असतानाच करा. साइन इन झालं की होम स्क्रीनवर अगदी उजव्या टोकाला लायब्ररी, तिथे पर्चेस्ड. गेम दिसेल, त्यावर डाउनलोड. यादी लांब असेल तर वर शोधायची सोय आहे.

बारामतीकर | मंगळवार, संध्या. ६:००

धागा हायजॅक करतोय, माफी. माझ्या एक्सबॉक्सवर पोराने असंच केलंय. तिकडेही सेव्ह वाचते का?

सर्किटकाका | मंगळवार, संध्या. ६:२५

वाचते, उलट तिकडे जास्त सोपं आहे. एक्सबॉक्सवर सेव्ह आपोआप क्लाउडवर (इंटरनेटवर कंपनीकडे) जातात आणि त्याचे वेगळे पैसे नाहीत. माय गेम्स अँड ॲप्स, फुल लायब्ररी, तिथे घेतलेले सगळे दिसतात. पीएसवर क्लाउडची सोय प्लसचे (म्हणजे प्लेस्टेशनच्या वर्गणीचे) पैसे भरणाऱ्यांनाच आहे, म्हणून वर पेन ड्राइव्हचा द्राविडी प्राणायाम. आणि पीएस फाइव्हवाल्यांनो, तुमच्या पीएस फाइव्हच्या गेमची सेव्ह पेन ड्राइव्हवर जातच नाही, फक्त पीएस फोरच्या गेमची जाते. तिथे प्लस नसेल तर देवावर भरवसा.

धायरीफाटा | मंगळवार, संध्या. ६:४०

आणि स्टोअरमधून गेमच काढून टाकला असेल तर? म्हणजे विकणंच बंद.

सर्किटकाका | मंगळवार, संध्या. ७:००

तुमच्या खरेदीत असेल तर बहुतेक वेळा उतरवता येतो, विक्री बंद झाली तरी. अपवाद आहेत. पी.टी. नावाचा भुताचा डेमो २०१४ मध्ये फुकट आला, २०१५ मध्ये काढला, आणि ज्यांनी उडवला त्यांना पुन्हा उतरवता येईना. तो डेमो असलेले पीएस फोर लोक जास्त भावाने विकत होते. प्लसमधून महिन्याला मिळालेले गेम हा तिसरा प्रकार. ते लायब्ररीत दिसतात, पण वर्गणी थांबली की कुलूप. पुन्हा भरली की उघडतात.

पेठेबाहेरची | बुधवार, रात्री ११:१५

भावाशी तीनदा फोन झाला. आपण त्यांच्या साडेतीन तास पुढे, मी जेवणं उरकून बसले की तो ऑफिसात. पहिला कोड त्याने मीटिंग संपल्यावर सांगितला, तोवर शिळा झाला होता. दुसऱ्यात मी ६ च्या जागी ९ टाकला. तिसऱ्याला बाबांनी कंट्रोलर माझ्या हातातून घेतला आणि एकेक आकडा मोठ्याने म्हणत स्वतः टाकला. झालं.

गेम दिसला, डाउनलोड दाबलं, तर आता जागा पुरत नाही म्हणतोय. ५०० जीबी एवढे कुठे जातात हो?

सर्किटकाका | गुरुवार, सकाळी ७:३०

५०० लिहिलेलं असतं, हाताला चारशेच्या आसपास येतात. शिवाय अपडेट बसवताना पीएस फोर गेमची दुसरी प्रत करून घेतो, त्यामुळे गेमच्या आकाराएवढी आणखी रिकामी जागा लागते. काहीतरी काढावं लागेल. किंवा बाहेरची हार्ड डिस्क जोडा, यूएसबी ३, किमान २५० जीबी. पण जोडताना तो ती पूर्ण पुसतो, म्हणून फोटोंची डिस्क लावू नका. आणि तिच्यावर गेम जातात, सेव्ह आतच राहते.

गेम उतरला आणि चित्रावर कुलूप दिसलं तर घाबरू नका. सेटिंग्ज, अकाउंट मॅनेजमेंट, ‘रिस्टोअर लायसन्सेस’. त्याच पानावर ‘ॲक्टिव्हेट ॲज युअर प्रायमरी पीएस फोर’ (म्हणजे हा डबा भावाच्या अकाउंटचा मुख्य डबा) चालू आहे का तेही बघा. भावाच्या पीएस फाइव्हला त्याने धक्का लागत नाही, दोघांची नोंद वेगळी असते. प्रायमरी असेल तर बाबांना स्वतःचा यूजर काढूनही हाच गेम चालेल. फक्त करिअर भावाच्या नावाखालीच राहील, तेव्हा आहे तिथेच खेळू द्या.

पेठेबाहेरची | शुक्रवार, संध्या. ५:५०

आला. जागेचं बाबांनीच बघितलं. मग काल गुरुवार, म्हणजे दुपारी लाइट गेली. डाउनलोड बासष्ट टक्क्यांवर. लाइट आल्यावर ‘नीट बंद केला नाहीत’ म्हणून डब्याने आम्हालाच झापलं, स्वतःची तपासणी केली आणि बासष्टवरूनच पुढे गेला. कुलूप आलं होतं, ते लायसन्सने गेलं.

आज चहानंतर बाबांनी गेम उघडला. करिअरवर गेले, तो पोरगा होता. टोपीसकट. पहिल्या ओव्हरला सतरा रन दिले आणि ‘आठवडाभर सराव नाही’ म्हणाले. चौकोनात तेही लिहिलंय.

सर्किटकाका, तुमचा पत्ता असता तर चितळ्यांकडून काहीतरी पाठवलं असतं. रिकामटेकडा, तुमचेही आभार, तुमच्यामुळे काका लगेच धावून आले.

धायरीफाटा | शुक्रवार, संध्या. ६:३०

अभिनंदन! पण जागेचं बाबांनी काय बघितलं ते लिहिलं नाहीत.

पेठेबाहेरची | शुक्रवार, रात्री ९:०५

आत्ताच नाशिकहून फोन होता. त्याचा ढिशुम कुठे गेला विचारत होता, दिवाळीत येणार आहे. त्याला या धाग्याची लिंक पाठवली आहे.