जावानीज भाषेतील मनोरंजन पुढे आले ते ऑनलाइन व्हिडिओमुळेच का?

प्रश्न:
‘तिलिक’ हा इंडोनेशियातील सुमारे अर्ध्या तासाचा लघुपट नुकताच पाहिला. आजारी सरपंचबाईंना भेटायला गावातल्या बायका ट्रकच्या हौद्यात दाटीवाटीने बसून शहरातल्या इस्पितळाकडे निघतात आणि वाटभर एका अविवाहित तरुणीविषयी चुगल्या करतात, एवढीच गोष्ट. संवाद मात्र बहुतांशी जावानीज, म्हणजे जावा बेटावरच्या प्रादेशिक भाषेत आहेत. २०१८ साली तयार झालेला हा लघुपट ऑगस्ट २०२० मध्ये यूट्यूबवर आला आणि त्यातली चोंबडी बू तेजो देशभर चर्चेचा विषय झाली. दूरचित्रवाणीवरील दैनंदिन मालिका, म्हणजे ‘सिनेत्रोन’, बहुतेक जकार्ताच्या वळणाची इंडोनेशियन बोलतात. मग ऑनलाइन व्हिडिओमुळे जावानीज पुढे आली हा बदल खरा मानावा, की अपवाद?

प्रतिसाद १:
अपवाद नक्कीच नाही. दिदी केम्पोत हे जावानीज विरहगीतांचे गायक कित्येक वर्षे गात होते, परंतु २०१९ मध्ये त्यांच्या कार्यक्रमांच्या चित्रफिती तरुणांमध्ये पसरल्या आणि ‘सोबात आंब्यार’, म्हणजे उद्ध्वस्त मनांचे सोबती, असे म्हणवून घेणारा चाहतावर्ग उभा राहिला. (मे २०२० मध्ये त्यांचे निधन झाले, ही दुसरी लोकप्रियता त्यांना जेमतेम वर्षभर लाभली.) त्याच सुमारास डेनी चाकनान यांच्या गाण्यामुळे पूर्व जावातील न्गावी या लहानशा शहरातल्या कार्तोन्योनो चौकाचे नाव सर्वतोमुखी झाले.

प्रतिसाद २:
सगळे श्रेय इंटरनेटला देणे मला पटत नाही. पूर्व जावाच्या इनुल दारातिस्ता यांचे दांगदुत (इंडोनेशियातील लोकप्रिय संगीतप्रकार) नृत्यगायन २००३ च्या सुमारास देशभर गाजले, ते आधी चोरट्या व्हीसीडींवरून पसरल्यामुळे. २०११ मध्ये सुलावेसी बेटावरील गोरोंतालोचे पोलीस शिपाई नॉर्मन कामारू गणवेशात ‘छैय्या छैय्या’वर ओठ हलवताना यूट्यूबवर दिसले, तेव्हा त्यांचे रूपांतर ‘कलाकारा’त केले ते जकार्ताच्या वाहिन्यांनीच. म्हणजे दार नवे असले, तरी दिवाणखाना जुनाच होता.

प्रतिसाद ३:
तो दिवाणखाना आता पूर्वीसारखा अपरिहार्य राहिलेला नाही, एवढी भर घालतो. शिवाय नियमांचा फरक आहेच: इंडोनेशियाच्या २००२ च्या प्रसारण कायद्यानुसार तिथल्या प्रसारण आयोगाची देखरेख दूरचित्रवाणी आणि रेडिओवर चालते, यूट्यूबवर नाही. २०२४ च्या दुरुस्ती मसुद्यात ऑनलाइन मजकूरही त्याच कक्षेत आणण्याचा प्रयत्न दिसला आणि पत्रकार संघटनांनी त्याला जोरदार विरोध केला.