शब्दचर्चा : 'जहाल', 'मूलगामी' की आणखी काही? कपाटावर पाटी काय लावू?

ग्रंथपाल
आमचं वाचनालय तालुक्याच्या गावचं. दहा कपाटं आणि पावसाळ्यात दोन बादल्या. परवा एका दिवंगत शिक्षकांच्या घरच्यांनी त्यांची चार पोती पुस्तकं आणून दिली. कथा-कादंबऱ्या पटकन लागल्या. उरली ती सगळी मोर्चे, संप, बंडं, भूमिगत दिवस, तुरुंगातल्या आठवणी यांची. गोदावरी परुळेकरांचं 'जेव्हा माणूस जागा होतो', गोडसे भटजींचा 'माझा प्रवास', सावरकरांचं '१८५७ चे स्वातंत्र्यसमर', दलित पँथरवरची दोन-तीन, मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराच्या वेळच्या पुस्तिका, गिरणी संपावरचे लेख बांधून केलेला एक गठ्ठा, शिवाय रशिया-चीनवरची भाषांतरं. इंग्रजीत याला 'रॅडिकल' म्हणून मोकळं होता येतं. मराठीत काय म्हणायचं? तात्पुरतं खडूने 'जहाल साहित्य' लिहिलं, तर रोज पेपर वाचायला येणाऱ्या एका आजोबांनी विचारलं, "बाई, इथे मिरच्या पण ठेवल्यात का?"

कोशकिडा
आजोबांचं काही चुकलं नाही. जहाल म्हटलं की मराठी माणसाच्या जिभेला आधी चटका बसतो. जहाल विष, जहाल तंबाखू, जहाल औषध. शब्द अरबी 'जहल'च्या कुळातला, आणि तिकडे त्याचा अर्थ अज्ञान. 'जाहिल' म्हणजे अडाणी. मराठीत येताना अज्ञान गळालं आणि उग्रपणा उरला. राजकारणात तो पक्का बसला टिळक-गोखले वादात. डिसेंबर १९०७ मध्ये सुरतेच्या काँग्रेस अधिवेशनात जोडा भिरकावला गेला, खुर्च्या मोडल्या आणि जहाल-मवाळ वेगळे झाले. मवाळ हा मात्र घरचा शब्द, 'मऊ'चा भाऊ. म्हणजे जोडी जमली ती एक तिखट आणि एक मऊ अशी. कोणता पक्ष कोणाला चवीला लागेल हे नाव ठेवतानाच ठरून गेलं.

टिळकांना ही गंमत कळत होती. त्याच वर्षी जानेवारीत कलकत्त्याच्या भाषणात त्यांनी सांगितलं होतं की हे शब्द काळाप्रमाणे सरकतात. आज ज्यांना जहाल म्हणता ते उद्या मवाळ ठरतील, जसे आजचे मवाळ काल जहाल होते. तेव्हा ताई, ही पाटी लावलीत तर दर वीस वर्षांनी पुस्तकं एका कपाटातून दुसऱ्यात हलवत बसाल.

मराठीचा मास्तर
'मूलगामी' लिहा. रॅडिकल हा शब्द लॅटिनमधल्या 'मूळ' या अर्थाच्या शब्दावरून आला, त्यामुळे मूलगामी हा त्याचा तंतोतंत प्रतिशब्द आहे. रसायनशास्त्रातही आपण 'मूलक' म्हणतोच. (रॅडिश आणि रॅडिकल एकाच मुळाचे, तसेच आपल्याकडे मुळा आणि मूलगामी. वर्गात सांगितलं की पोरं हसतात आणि विसरत नाहीत.)

कोशकिडा
सर, व्युत्पत्ती शंभर टक्के मान्य, वापर मान्य नाही. मराठीत मूलगामी असतं ते संशोधन, चिंतन, फार तर प्रस्तावना. 'कामगारांनी मूलगामी घोषणा दिल्या' असं म्हणून बघा. मूलगामी माणूस खुर्चीत बसलेला असतो, चष्मा पुसत. लाठी त्याच्या डोक्यात पडत नाही.

मराठीचा मास्तर
पडली पाहिजे असं माझं म्हणणंही नाही. पण शब्द वापरून वापरूनच रुळतो.

वैनगंगेकाठचा
जहाल नका लिहू हो ताई. आमच्या गडचिरोलीकडच्या बातम्यांत 'जहाल' म्हटलं की पुढं 'नक्षलवादी'च येते. 'जहाल नक्षलवादी शरण', 'जहाल नक्षलवादी ठार'. टिळकांचा जहाल आता कोनाच्या ध्यानात हाय? पोरगं कपाटापाशी उभं राहिलं तर बाप इचारन, काय वाचून राह्यला बे. त्यापरीस सरळ 'मोर्चे' लिहा. डिसेंबरात नागपुरात अधिवेशन लागलं का रोज मोर्चे. अंगणवाडीवाल्या, कोतवाल, विनाअनुदानित मास्तर. रिक्षावाला सकाळीच इचारते, आज कोनाचा मोर्चा हाय गा, रस्ता कोनता बंद हाय?

लुधियानाकर
मोर्चावरून आठवलं. नवऱ्याच्या नोकरीमुळे मी बारा वर्षं पंजाबात आहे. २०२० च्या नोव्हेंबरात शेजारच्या बीजी म्हणाल्या, गावातली माणसं 'मोर्चे ते' गेलीत. मी विचारलं, मग संध्याकाळी परत येतील ना? त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. त्यांची माणसं दिल्लीच्या सीमेवर गेली होती, ट्रॉलीत गाद्या, पीठ, गॅस भरून, आणि परत आली वर्षभराने. पंजाबीत मोर्चा 'लागतो'. आपल्याकडे मोर्चा 'निघतो'. त्यांचा बसतो, आपला चालतो! १९२२ चा 'गुरू का बाग मोर्चा' असाच ठाण मांडून लाठ्या खाण्याचा होता असं तिथे शाळेतली मुलंसुद्धा सांगतात.

कोशकिडा
वा! आणि इथे जुना अर्थ पंजाब्यांनी जपला, आपण हलवला. फारसी 'मूर्चाल' म्हणजे किल्ल्याला वेढा घालताना खणलेला खंदक, तोफांची आडोशाची जागा. मराठी बखरींत मोर्चे 'लावतात', मोर्चेबंदी होते, आणि किल्ला पडेपर्यंत मोर्चा जागचा हलत नाही. हिंदीत तो 'आघाडी' झाला, म्हणून १९९६ च्या सरकारचं नाव 'संयुक्त मोर्चा'. मराठीत त्याला पाय फुटले ते कधी, हे एखाद्या जुन्या वर्तमानपत्रांच्या अभ्यासकाने शोधण्यासारखं आहे. पण तोफेचा अर्थ आपल्या एका वाक्प्रचारात अजून धडधाकट आहे. 'पाहुण्यांनी आपला मोर्चा श्रीखंडाकडे वळवला.' तिथे कोणी घोषणा देत नाही, तोफेचं तोंड वळतं.

गिरणगावकर
बाकी सगळे मोर्चा, जहाल करताहेत, 'संप' कोणी काढला नाही म्हणून लिहितो. वडील गिरणीत जॉबर होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा मी सातवीत. दत्ता सामंतांचा संप. अडीच लाखांच्या आसपास कामगार. आमच्या चाळीत 'संप' हा शब्द नुसता नाम नव्हता, पत्ता होता. 'ते कुठं असतात?' 'संपात.' काही गावी शेतीला गेले, काहींनी भाजीची गाडी लावली, तरी ते 'संपात'च. आणि तो रीतसर मागे घेतला गेलाच नाही, त्यामुळे वडील शेवटपर्यंत म्हणायचे, आपला संप चालू आहे.

पुढे एका गुजराती मित्राच्या घरी भिंतीवर 'संप' हा शब्द मोठ्या अक्षरांत, नक्षीत लिहिलेला पाहिला. मी उडालोच. गुजरातीत संप म्हणजे एकोपा. घरात संप असावा, भावाभावांत संप असावा. म्हणजे आपल्याकडे एकोप्याने काम थांबवलं आणि एकोप्याचंच नाव थांबण्याला पडलं, बहुधा. इंग्रजी 'स्ट्राइक'मध्ये फटका आहे, हिंदी 'हड़ताल'मध्ये दुकानाचं कुलूप. आमच्या संपात नुसती माणसं एकत्र येतात. हे कळलं तेव्हा वडील नव्हते. त्यांना सांगायला हवं होतं.

अलिबागवाली
गिरणगावकर, आमचा संपही मोजा. अलिबागजवळच्या चरी गावचा. १९३३ ते १९३९, सलग सहा वर्षं शेतकऱ्यांनी खोतांची, म्हणजे जमीनदारांची, जमीन कसली नाही. नारायण नागू पाटील पुढारी. लोक लाकडं विकून, करंदं-कंदमुळं खाऊन राहिले. त्याच वेळी बाबासाहेबांनी १९३७ मध्ये मुंबईच्या विधिमंडळात खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं. शेतकरी संप करू शकतो हे २०१७ मध्ये पुणतांब्याच्या वेळी टीव्हीवर नवलाने सांगत होते, तेव्हा आमचे सासरे टीव्हीशीच भांडत होते.

कोशकिडा
'हड़ताल'मध्ये कुलूप आहे हे खरं. हट्ट म्हणजे बाजार आणि ताळं म्हणजे टाळं. आपल्याकडे गुजरातीतून 'हरताळ' झाला आणि गांधीजींच्या काळात घरोघर पोचला. ६ एप्रिल १९१९ ला रौलट कायद्याविरुद्ध देशभर हरताळ पाळला गेला. पण मराठीत एक हरताळ आधीपासून राहत होता. तो म्हणजे हरिताल, पिवळं खनिज. पोथीत चूक झाली की त्यावर हरताळाचा पिवळा लेप फासायचा आणि वर पुन्हा लिहायचं. म्हणून 'नियमांना हरताळ फासला'. हरताळ पाळला जातो तो वेगळा आणि फासला जातो तो वेगळा. दोघांचं नातं काही नाही, फक्त आडनाव सारखं. मागे एका लेखात 'कामगारांनी उत्पादनाला हरताळ फासला' असं वाचलं, लेखकाने दोन्ही घरं एकाच दारातून गाठली.

मराठीचा मास्तर
मग 'धरणे'ही घ्या. धनकोने ऋणकोच्या दारात उपाशी बसायचं, फौजेने थकलेल्या पगारासाठी सरदाराच्या दारात बसायचं, भक्ताने देवाच्या. १८६० च्या दंडसंहितेत कलम ५०८ च्या खाली उदाहरणच दिलं होतं: दुसऱ्यावर दैवी कोप होईल असं भासवून त्याच्या दारात 'धरणे' धरून बसणं. इंग्रजी कायद्यात शब्द जसाच्या तसा, कारण भाषांतर करायचं तरी कशाने? आता जिल्हाधिकारी कार्यालयापुढे मांडव घालून, पोलिसांची परवानगी घेऊन, अकरा ते पाच धरणं होतं. देव कोपण्याचा प्रश्न उरला नाही.

लुधियानाकर
आणि 'लाक्षणिक उपोषण'! सकाळी नाश्ता करून यायचं, संध्याकाळी लिंबूसरबत.

सातारी
चवल्यापावल्यांत एक रुपया आमचा. पत्री सरकार. पुस्तकात 'प्रतिसरकार' लिहितात, १९४३ ते ४६, नाना पाटलांचं. आमच्या आज्जीने आयुष्यात 'प्रति' म्हटलं नाही. ती सांगायची, बैलाच्या खुराला मारतात ती पत्री, फितुराच्या पायाला मारायचे म्हणून पत्री सरकार. कुणी सांगतं नुसते तळव्यांवर फटके होते. कुणी म्हणतं 'प्रति'चाच उच्चार बदलून 'पत्री' झाला. मला वाटतं शब्द आधी चुकला असेल, मग त्याला शोभणारी शिक्षा लोकांनी लक्षात ठेवली असेल. पण हे आज्जीसमोर बोलायची टाप नव्हती.

ग्रंथपाल
तुमच्या सगळ्यांच्या नादात पोती तशीच पडलीत. आता 'चळवळ' आणि 'आंदोलन' यांत अडकले आहे. फरक आहे की नाही?

कोशकिडा
आहे, आणि हिंदीत नाही असा आहे. हिंदीत सगळंच आंदोलन. मराठीत आंदोलन होतं, चिघळतं, मागे घेतलं जातं. त्याला तारीख असते. चळवळीला तारीख नसते. सत्यशोधक चळवळ, स्त्रीमुक्तीची चळवळ, सहकार चळवळ, खुद्द तुमची ग्रंथालय चळवळ. 'सहकार आंदोलन' म्हटलं की साखर कारखान्यापुढे उसाचे ट्रॅक्टर आडवे घातलेले दिसतात. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांनी १९७२ मध्ये महागाईविरुद्ध बायकांना रस्त्यावर आणलं, तर ते लाटणे मोर्चे झाले. त्यांच्या मागे वर्षानुवर्षं जे चालू होतं ती चळवळ. संस्कृतात आंदोलन म्हणजे झोका. दरबारी रागातला गंधार आंदोलित असतो तो याच अर्थाने. झोका वर जातो तसा परतही येतो. चळवळ नुसती चळते, वळते, स्वस्थ बसत नाही. रामदासांनी दासबोधात 'सामर्थ्य आहे चळवळेचें' म्हटलं तेव्हा राजकीय संघटना हा अर्थ त्यात कितपत होता यावर दोन पक्ष आहेत, पण शब्दातली धडपड तीच. त्यातून निघालेला 'चळवळ्या' मात्र शिवीच राहिला. मुलगी द्यायची तर 'मुलगा चळवळ्या आहे' ही शिफारस होत नाही.

औरंगपुरा
पुस्तिका लावताना एक जपा. 'नामांतर' आणि 'नामविस्तार' एकत्र टाकू नका. जुलै १९७८ मध्ये विधिमंडळाचा ठराव झाला तो नामांतराचा. त्यानंतर जाळपोळ, लाँग मार्च, लाठ्या, तुरुंग. १४ जानेवारी १९९४ ला जे झालं तो नामविस्तार, म्हणजे 'मराठवाडा' राहिलं आणि बाबासाहेबांचं नाव पुढे जोडलं गेलं. सोळा वर्षं त्या दोन शब्दांमधल्या अंतरात गेली. बाहेरच्यांना हे समानार्थी वाटतात. आमच्या गल्लीत कोण कोणता शब्द वापरतो त्यावरून माणूस कळायचा. (आणि हो, 'लाँग मार्च'ला प्रतिशब्द शोधत बसू नका. माओचा शब्द १९७९ मध्ये आमच्या पायांनी मराठी केला. २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईला चालत गेलेल्या शेतकऱ्यांनीही तोच वापरला.)

मराठीचा मास्तर
मूलगामी मागे घेतो. 'चळवळी' लिहा. अनेकवचन.

ग्रंथपाल
लिहिलं. 'चळवळी, लढे, संप'. संप वेगळा लिहिला तो गिरणगावकरांसाठी. कपाटाच्या दारावर 'जहाल साहित्य' खडूने लिहिलं होतं ते ओल्या फडक्याने जाईना, लाकडात मुरलं होतं, म्हणून शिपायाने त्यावर उरलेला पिवळा ऑइलपेंट मारला. पाटी वाळल्यावर लक्षात आलं की आपण अक्षरशः हरताळ फासला.

दोन अडचणी उरल्यात. परुळेकरांच्या पुस्तकाच्या नावात चळवळ नाही, लढा नाही, बंडही नाही, तरी सगळ्यात आधी तेच या कपाटात गेलं. ते चाळताना 'लग्नगडी' शब्दावर थांबले, लग्नाच्या कर्जापायी नवराबायकोने जन्मभर सावकाराकडे राबायचं. आमच्याकडच्या कोशात तो नाही. कोणाकडे असेल तर कळवा. दुसरी अडचण १८५७ ची. गोडसे भटजींच्या १९०७ साली छापलेल्या पुस्तकावर 'बंड', सावरकरांच्या पुस्तकावर 'स्वातंत्र्यसमर', आणि पोत्यातल्या शाळेच्या जुन्या पुस्तकात 'उठाव'. तिन्ही एकाच वर्षाची हकीकत. समरवाल्याला तर छापून यायच्या आधीच बंदी झाली होती. इतिहासात टाकू की इथे?

गिरणगावकर
शेजारी शेजारी ठेवा. भांडू देत.

वैनगंगेकाठचा
आजोबा काय म्हनले नवी पाटी पाहून?

ग्रंथपाल
म्हणाले, "वळवळी"तला व नीट काढा, च सारखा दिसतोय.