मदत हवी आहे: वाहत्या बेटांची मोजणी कशी करतील?

नमस्कार मंडळी,

गेलं दीड वर्ष एक कादंबरी लिहितेय. त्यातल्या जगात खाली जमीन नाहीच, सगळं आभाळ. त्यात अधर बेटं तरंगतात, हिवाळ्यात एकीकडे वाहत जातात आणि पावसाच्या तोंडावर परत फिरतात. त्यांचे नकाशे काढणाऱ्यांच्या संघटनेची ही गोष्ट आहे. जादू एकच ठेवलीय, त्यांची शाई. तिने बेटाचा काठ रेखला की शाई ओली असेपर्यंत ते बेट जागचं हलत नाही. शाई दोन घटकांत वाळते, म्हणजे जेमतेम पाऊण तास.

घोडं अडलंय ते मोजणीपाशी. माझे आजोबा मोजणी खात्यात होते. त्यांची साखळी अजून माळ्यावर आहे, 33 फूट, 16 आणे म्हणजे 16 सारखे भाग. साखळीभर लांब आणि साखळीभर रुंद म्हणजे गुंठा, हे मी पाढ्यांच्या आधी शिकले. कड्या झिजून साखळी हळूहळू वाढते, म्हणून शेतावर नेण्याआधी ते ती ओट्याच्या दगडावर छिन्नीने मारलेल्या दोन खुणांना लावून बघायचे. खुणेच्या जरा जरी पुढे गेली तरी त्या दिवशी मोजणी नाही.

माझ्या जगात अशी न हलणारी खूणच नाही. दोन बेटांमध्ये साखळी टाकता येत नाही. लांबचं अंतर त्रिकोण करून काढतात एवढं ठाऊक आहे, पण त्रिकोणाची टोकंच चालत असतील तर? समुद्र नाही, मग उंची कशावरून मोजायची? आणि या संघटनेला मराठीत काय म्हणू? ‘संघ’, ‘मंडळ’ लिहिलं की आजची कचेरी डोळ्यांसमोर येते.

जाणकारांनी कृपया सांगावं. मला हे नकाशे खोटे वाटायला नको आहेत.

प्रतिसाद 1
ताई, मी सर्व्हेतला माणूस. पायारेषा, म्हणजे त्रिकोणाची प्रत्यक्ष मोजलेली पहिली बाजू, दोन बेटांमध्ये धरूच नका. भारताची त्रिकोणांनी मोजणी सुरू करणाऱ्या लॅम्बटनने 1802 मध्ये मद्रासजवळ पहिली पायारेषा मोजली, साधारण 12 किलोमीटर, तिला 57 दिवस लागले. तुमची शाई कुठवर पुरणार? एका मोठ्या बेटाच्या पठारावर पायारेषा मोजा. बेट वाहिलं तरी रेषा त्याच्याबरोबरच वाहते, तिची लांबी तीच राहते. मग तिच्या दोन्ही टोकांना एकेक माणूस कोन मोजायचं यंत्र लावून बसवा आणि समोरच्या बेटावरच्या दिव्याचा कोन दोघांनी एकाच क्षणी घ्यायचा. बेटं कितीही वाहोत, त्या क्षणापुरता त्रिकोण खरा असतो.

म्हणजे दोन यंत्रं असतील तर शाई लागतच नाही. ती लागते यंत्र एकच असेल तेव्हा. दोन्ही बेटांचे काठ रेखायचे, एका टोकावर कोन घ्यायचा, यंत्र उचलायचं आणि शाई वाळायच्या आत दुसरं टोक गाठायचं.

उंचीसाठी पाणी उकळा. वर जावं तशी हवा विरळ होते, साधारण 300 मीटरला पाणी 1 अंश सेल्सिअस कमी तापमानाला उकळतं. इंग्रजांच्या सर्व्हेसाठी गुपचूप मोजणी करणारे पंडित नैनसिंग रावत 1865-66 मध्ये वेषांतर करून ल्हासाला गेले ते असंच उंची काढत. अंतर मोजायला 108 ऐवजी 100 मण्यांची माळ, दर 100 पावलांना एक मणी. तुमच्या लोकांना शोभेल.

आणि जमलं तर हिंगणघाटला जाऊन या. लॅम्बटन 1823 मध्ये तिथेच वारला, त्याची कबर आहे.

प्रतिसाद 2
‘श्रेणी’ म्हणा! आपलाच जुना शब्द आहे. नाशिकच्या पांडवलेण्यात 10 क्रमांकाच्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे 3000 कार्षापण (त्या काळची नाणी) कायमची ठेव म्हणून ठेवले. 2000 वर महिना शेकडा 1 आणि 1000 वर शेकडा पाऊण व्याज, त्यातल्या 2000 च्या व्याजातून लेण्यातल्या भिक्षूंना वस्त्रं. श्रेणी म्हणजे कारागीरही आणि पेढीही. तुमच्या नकाशेकारांकडे अख्ख्या आभाळाच्या ठेवी असू देत.

प्रतिसाद 3
एक सुचवतो. ध्रुवप्रवासी नान्सेनचं फ्राम जहाज 1893 ते 1896 उत्तर ध्रुवाकडच्या बर्फात अडकून वाहत होतं, सूर्य-ताऱ्यांवरून जागा काढून कुठवर आलो ते मांडत होते. तसे दोन नकाशे ठेवा. एक बेटाचा, तो बदलत नाही. दुसरा त्याच्या वाटचालीचा, तो कधी पुरा होत नाही.

धागाकर्ती
सगळ्यांचे मनापासून आभार. ‘श्रेणी’ पक्कं. आणि एकाच यंत्राचं वाचल्यावर तिसरं प्रकरण पहिल्यापासून लिहायला घेतलंय. यंत्र आता माझ्या नायिकेच्या पाठीवर आहे, ती चौदा वर्षांची आहे. पायारेषा किती लांब धरू, म्हणजे ती पाऊण तासात पोचेल?

प्रतिसाद 1
दीड किलोमीटर धरा. यंत्र रोवून समतल करायलाच दहा मिनिटं जातात, शिवाय ती दमलेली असेल, हात थरथरत असतील. समोरचं बेट 15 किलोमीटरच्या आत ठेवा, त्यापुढे त्रिकोण फार निमुळता होतो आणि कोनातली बारीकशी चूकही महागात पडते.