विजेंदर सिंगची कारकीर्द आणि हौशीतून व्यावसायिक बॉक्सिंग: नेमकं काय बदलतं?

म्हापसा_कोपरा

मंडळी, भाचा १९ वर्षांचा आहे. म्हापशातल्या पेडे क्रीडा संकुलात सराव करतो, ७१ किलो गटात खेळतो. आता व्यावसायिक व्हायचं म्हणतोय. त्याचा आदर्श विजेंदर सिंग. मार्च २०२१ मध्ये पणजीत, मांडवीतल्या कॅसिनो जहाजाच्या गच्चीवर विजेंदर व्यावसायिक लढतीत पहिल्यांदा हरला. घरात अजून वाद चालतो: वय झालं म्हणून हरला, की कारण वेगळंच होतं?

मला तीन गोष्टी हव्या आहेत. विजेंदरची व्यावसायिक कारकीर्द कशी बांधली गेली? ती अडली कुठं? आणि पोरानं आत्तापासून काय बदलायचं? ‘मेहनत करू दे’ हे सगळेच सांगतात. आकडे सांगा.

---

दहावी_फेरी

आधी विजेंदरच्या लढतींच्या तारखा बघा. तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर त्यांच्यातच आहे.

जन्म १९८५, भिवानीजवळचं कालुवास गाव. भिवानी बॉक्सिंग क्लबात जगदीश सिंग यांच्या हाताखाली तयार झाला. २००८ बीजिंग, ७५ किलो: उपांत्यपूर्व फेरीत एक्वादोरच्या गोंगोराला ९-४ नं हरवलं, उपांत्य फेरीत क्यूबाच्या कोरियाकडून ५-८ नं हरला. बॉक्सिंगमधलं भारताचं ते पहिलं ऑलिंपिक पदक. २००९ ला मिलानच्या जागतिक स्पर्धेत कांस्य, २०१० ला ग्वांगझूत आशियाई सुवर्ण. २०१५ मध्ये, तिशीच्या उंबरठ्यावर, ब्रिटनच्या क्वीन्सबेरी प्रमोशन्सशी करार केला आणि मँचेस्टरला जाऊन ली बियर्ड यांच्याकडे सराव सुरू केला.

पहिली लढत १० ऑक्टोबर २०१५, सनी व्हायटिंगविरुद्ध, तिसऱ्या फेरीत संपवली. मे २०१६ पर्यंत सहा लढती झाल्या आणि सहाही वेळेआधी संपल्या. सगळ्या मिळून रिंगमधल्या फेऱ्या १७ सुद्धा पुऱ्या भरत नाहीत. सातवी लढत १६ जुलै २०१६ ला दिल्लीत केरी होपविरुद्ध. तिथं पहिल्यांदाच तो पूर्ण १० फेऱ्या खेळला आणि गुणांवर जिंकला.

नऊ महिन्यांत सात लढती. याला म्हणतात बांधणी. चार फेऱ्यांच्या लढतीपासून सुरुवात, मग सहा, मग आठ, मग दहा, आणि दोन लढतींमध्ये सरासरी दीड महिन्याचंच अंतर. शरीर रिंगच्या लयीत राहतं.

आता पुढच्या सात बघा. डिसेंबर २०१६ ला फ्रान्सिस चेका, ऑगस्ट २०१७ ला मुंबईत झुल्पिकार मायमायतियाली, डिसेंबर २०१७ ला जयपूरला अर्नेस्ट अमुझू. २०१८ मध्ये एकही नाही. २०१९ मध्ये दोन, नेवार्क आणि दुबई. २०२० पुन्हा कोरडं. १९ मार्च २०२१ ला पणजीत रशियाच्या आर्तिश लोपसानसमोर पाचव्या फेरीत रेफ्रीनं लढत थांबवली. शेवटची ऑगस्ट २०२२, रायपूर, एलियासू सुलेविरुद्ध विजय. पहिल्या सात नऊ महिन्यांत, नंतरच्या सातांना सहा वर्षं. एकूण १३ विजय, १ पराभव.

तर वय हे अर्धंच कारण. ३५ व्या वर्षी जिंकणारे बरेच आहेत. पण मधे १६ महिने रिंग नसेल तर आधी जातो तो टायमिंग. ताकद मागून जाते. त्यात लोपसान सहा फूट चार इंच. विजेंदर स्वतः उंच, त्याचा जॅब (पुढच्या हाताचा सरळ ठोसा) नेहमी समोरच्याच्या आधी पोहोचायचा. त्या रात्री तो आधार नव्हता. आपल्याहून उंच माणसाच्या जॅबखाली शिरून पोटावर काम करायचं, तर पाय आणि अंतराचा अंदाज ताजा लागतो, आणि तो लढतींतूनच येतो. सरावाच्या पंचिंग बॅगवर कितीही मारा, बॅग उलटून मारत नाही.

---

गॉज_आणि_टेप

वरच्या उत्तराशी सहमत. एक भर: विजेंदरकडे डब्ल्यूबीओ या व्यावसायिक बॉक्सिंग संघटनेचा आशिया पॅसिफिक पट्टा (विजेतेपद) होता, मुंबईच्या लढतीत ओरिएंटल पट्टाही मिळाला. हे विभागीय पट्टे. जागतिक विजेतेपद वेगळं. विभागीय पट्ट्याचा खरा उपयोग असा, की त्या संघटनेच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या पंधरात शिरायला वाट मिळते, आणि आव्हान द्यायचं तर क्रमवारीत असावं लागतं. भाच्याला हे नीट समजावा, पेपरात ‘चॅम्पियन’ एवढंच छापून येतं.

आता बदल. बीजिंगला लढत होती ४ फेऱ्या, प्रत्येकी २ मिनिटं. एकूण ८ मिनिटं. आज हौशीत ३ फेऱ्या, प्रत्येकी ३ मिनिटं. दहा फेऱ्यांची व्यावसायिक लढत म्हणजे ३० मिनिटं. बीजिंगला पंच बटण दाबायचे: पाचातल्या तिघांनी एका सेकंदाच्या आत दाबलं तर एक गुण. समोरचा खाली पडला तरी त्या ठोशाला गुण एकच. म्हणून सरळ ठोसा मारून लगेच बाहेर पडायची सवय लागायची, आणि पोटावरचा ठोसा पंचांच्या नजरेतून सुटायचा. आता दोन्हीकडे दहा गुणांची पद्धत आहे (फेरी जिंकणाऱ्याला १०, दुसऱ्याला ९ किंवा कमी), आणि व्यावसायिकमध्ये एकदा पाडलं तर फेरी सहसा १०-८.

ग्लोव्हज: ७१ किलोला हौशीत १२ औंस. व्यावसायिकमध्ये १४७ पौंडांपर्यंत, म्हणजे ६६.७ किलोपर्यंत ८ औंस आणि त्यापुढं १० औंस. दोन औंस ऐकायला किरकोळ. पण फोम कमी झाला की स्वतःच्याच मुठीची हाडं आधी बोलतात. पहिल्या वर्षात पोरं बऱ्याचदा हाताच्या दुखापतींनीच अडतात.

म्हणून पट्टी बांधणं मनापासून शिकू दे. हौशीत कापडी पट्टी २.५ ते ४.५ मीटर, शेवटी वेल्क्रो. व्यावसायिकमध्ये मऊ गॉज आणि चिकट टेप, लांबीची मर्यादा लढतीआधीच्या नियम-बैठकीत सांगतात. बोटं पूर्ण फाकवून बांधायला सुरुवात. मनगटाला तीन वेढे, तळहातावरून तिरपं वर, अंगठ्याला एक, परत मनगट. मुठीच्या उंचवट्यांवर गॉजची घडी, ती जागेवर धरायला बोटांच्या बेचक्यांतून टेपच्या बारीक वळलेल्या पट्ट्या. उंचवट्यांवर टेप नाही, ते नियमाबाहेर. मग मूठ मिटायला सांगा: मिटल्यावर घट्ट आणि उघडल्यावर सैल वाटली पाहिजे. उघड्या हातालाच आवळ असेल तर दुसऱ्या फेरीत बोटं बधिर होतील, सोडून परत बांधा. हे सगळं प्रतिस्पर्ध्याच्या कोपऱ्यातल्या माणसासमोर चालतं, अधिकारी पट्टीवर मार्करनं सही करतो आणि मगच ग्लोव्ह चढतो.

सराव: चार फेऱ्यांच्या पदार्पणासाठी आठ आठवडे धरा. बॅग ६ फेऱ्या, ३ मिनिटं काम, १ मिनिट विश्रांती. स्पारिंग (जोडीदाराशी सरावाची लढत) आठवड्यात दोनदाच, १६ औंसांच्या ग्लोव्हजनी, आणि त्यातलं एक आपल्याहून उंच जोडीदाराशी. हळू धावणं ६ ते ८ किलोमीटर, आठवड्यात तीन दिवस. एक दिवस ४०० मीटरचे सहा ते आठ तुकडे, वेगानं धावून. लढतीच्या ७ ते १० दिवस आधी स्पारिंग बंद.

---

म्हापसा_कोपरा

दोघांचेही आभार, भाच्याला जसंच्या तसं वाचून दाखवलं. वजनाचं कुणी सांगाल का? एरवी तो ७४.५ किलो असतो. स्पर्धेआधी चार दिवस रेनकोट घालून धावतो आणि ७१ ला येतो.

---

उकडी_पेज

रेनकोट आजच बंद करायला सांगा, बाब. सगळी उत्तरं बाजूला ठेवून हे आधी.

घाम नुसता गळून अंग थंड होत नाही, तो सुकावा लागतो. गोव्यातल्या दमट हवेत तो आधीच कमी सुकतो, त्यात वरून प्लास्टिक. शरीराचं तापमान चढत जातं आणि उष्माघाताची वेळ येते. शिवाय ७४.५ मधून साडेतीन किलो पाणी म्हणजे वजनाच्या पावणेपाच टक्के. हौशी स्पर्धेत वजन त्याच दिवशी सकाळी होतं, काही तासांत ते पाणी भरून येत नाही. कोरड्या शरीरानं डोक्यावर ठोसे घेणं हा या खेळातला सगळ्यात मोठा धोका आहे.

व्यावसायिकमध्ये वजन आदल्या दिवशी होतं. गट दोन जवळचे: १५४ पौंड म्हणजे ६९.८५ किलो, आणि १६० पौंड म्हणजे ७२.५७ किलो. माझं मत, पहिल्या दोन-तीन लढती १६० लाच. १५४ ला जायचंच असेल तर आठवड्याला अर्धा किलो या हिशेबानं सहा आठवड्यांत ७१.५ पर्यंत खाण्यातून या. भात कमी, रात्रीचं तळलेलं बंद, मासळी चालू. उरलेला दीड-पावणेदोन किलो शेवटच्या दोन-तीन दिवसांत मीठ, भात आणि चोथा कमी करून जातो. एवढं, म्हणजे दोन-सव्वादोन टक्के, ही मर्यादा.

वजन झाल्यावर प्रत्येक गेलेल्या किलोमागे दीड लिटर पातळ पदार्थ, घोटाघोटानं, चार-पाच तासांत पसरून. ओआरएसचं मोठं पाकीट एक लिटर पाण्यातच घालायचं, अर्ध्या लिटरमध्ये घट्ट केलं तर जुलाब लागतात. आणि आपली उकड्या तांदळाची पेज, मीठ घालून: पाणी, मीठ आणि भात तिन्ही एका वाटीत. शागुतीसारखं मसालेदार कालवण लढत झाल्यावर.

---

रिंगची_दोरी

कागदपत्रांचं थोडक्यात. भारतात व्यावसायिक लढतींना इंडियन बॉक्सिंग कौन्सिल परवाना देते. परवान्याच्या तपासण्यांत एचआयव्ही, हिपॅटायटिस बी आणि सी, डोळे आणि मेंदूचा एमआरआय धरून चाला. कुठं एखादी मागत नसतील तरी एमआरआय करून घ्या, पहिल्या लढतीआधीचा स्कॅन पुढं तुलनेला लागतो.

करारात चार ओळी शोधा: मुदत किती वर्षं, वर्षाला किमान किती लढती, प्रवास आणि तपासण्यांचा खर्च कुणाचा, आणि मॅनेजरचा वाटा किती टक्के. ब्रिटनमध्ये मॅनेजरला साधारण २५ आणि प्रशिक्षकाला १० टक्के जातात. ‘किमान लढती’ ही ओळ नसेल तर सही नको. वर दहावी फेरीनं २०१८ आणि २०२० ची कोरडी वर्षं दाखवलीच आहेत, आणि १९ वर्षांच्या पोराला त्याहून जास्त लढती लागतात.

डोक्यावर मार बसून लढत थांबली तर हौशी नियमांत किमान ३० दिवस स्पारिंगसुद्धा नाही. व्यावसायिक झाल्यावरही हा आकडा घरचा नियम म्हणून ठेवा.

---

गॉज_आणि_टेप

एक राहिलं होतं. पाऊस जवळ आलाय, पोराचे ग्लोव्हज बघा. जून ते सप्टेंबर इथं चामड्याला आतून बुरशी धरते, आणि ओला फोम हळूहळू चुरतो. सराव संपला की आत वर्तमानपत्राचे बोळे कोंबा, दोन तासांनी बदला, रात्रभर पंख्याखाली तोंड उघडं ठेवून ठेवा. उन्हात नको, चामडं तडकतं. महिन्यातून एकदा ग्लोव्ह हातात घालून मुठीच्या जागी बाहेरून अंगठ्यानं दाबून बघा. आतली हाडं बोटाला लागली तर तो ग्लोव्ह स्पारिंगमधून काढायचा, बाहेरून कितीही नवा दिसो.